जू, पंख आणि टाचणी : ‘झायगोप्टेरा’ या नावाची कुळकथा

(शाळेच्या हीरक महोत्सवानिमित्त लष्कर मोहल्ला, म्हैसूर येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



ज्या वस्तीत ही सभा भरली आहे, तिच्या नावापासूनच आरंभ करणे सोयीचे. ‘लष्कर मोहल्ला’ या नावातला ‘लष्कर’ फारसी आणि ‘मोहल्ला’ अरबी. मोहल्ला म्हणजे मुळात उतरण्याची, मुक्काम करण्याची जागा. येथील कन्नड दुकानदार, उर्दू बोलणारा शेजारी आणि मराठी घर हे नाव दिवसातून दहा वेळा उच्चारतात आणि कोणालाही ते परके वाटत नाही. शहराच्या नावाचे तर आणखी गमतीचे. कन्नडात ते मैसूरु. महिषाचा ऊर, म्हणजे महिषाचे गाव. मराठी माणसाने त्याचे ‘म्हैसूर’ केले आणि त्यात त्याला सरळ म्हैस ऐकू आली. अडाणी कानाचा हा अपभ्रंश आहे असे कोणी म्हणेल. पण ‘महिष-महिषी’ या जोडीतूनच मराठीतली म्हैस आली, तेव्हा त्या कानाने ऐकले ते बरोबरच होते.

नावे अशी असतात. वरून अनोळखी, आत ओळखीची. आजच्या व्याख्यानाचा विषय असेच एक नाव आहे, एका लहानशा कीटकगणाचे : झायगोप्टेरा.

पावसाळा सरला की कुक्करहळ्ळी तलावाच्या काठच्या गवतात किंवा कारंजी तलावाच्या पाणवनस्पतींवर हा कीटक सहज दिसतो. काडीसारखे बारीक अंग, डोक्याच्या दोन टोकांना एकमेकांपासून दूर बसवलेले दोन डोळे आणि बसल्यावर पाठीवर मिटून घेतलेले चार पारदर्शक पंख. मराठीत त्याला ‘टाचणी’ म्हणतात. त्याचा थोरला भाऊ म्हणजे ‘चतुर’. चतुराचे अंग दणकट, डोळे बहुतेक वेळा डोक्यावर एकमेकांना भिडलेले, आणि बसल्यावरही पंख विमानासारखे पसरलेले. दोघांचे बालपण पाण्यात जाते, दोघेही मोठेपणी डासांसारखे कीटक हवेत पकडून खातात, आणि दोघे मिळून जगात सहा हजारांहून अधिक जाती आहेत.

‘टाचणी’ हे नाव ज्याने प्रथम उच्चारले त्याला दाद द्यावी लागेल. कागदाला लावायची टाचणी डोळ्यांपुढे आणावी : बारीक दांडी आणि वर डोके. शब्द घरगुती, पण वर्णन नेमके. तमिळ आणि मल्याळम बोलणाऱ्यांनाही हेच साम्य दिसले. तमिळात हा ‘ऊसि तट्टान’, म्हणजे सुई-चतुर, आणि मल्याळमात ‘सूचितुंबि’, म्हणजे तेच. एकाने सुई पाहिली, दुसऱ्याने टाचणी; शिवणाच्या डब्यातून बाहेर कोणीच गेले नाही.

शास्त्रज्ञाने मात्र अंग न पाहता पंख पाहिले.

कार्ल लिनियसने १७५८ साली प्राण्यांचे वर्गीकरण मांडले तेव्हा सगळे चतुर आणि सगळ्या टाचण्या ‘लिबेलुला’ या एकाच प्रजातीत घातल्या होत्या. त्याचा डॅनिश शिष्य योहान क्रिस्टियान फाब्रिसियस याने १७९३ साली त्यांचा स्वतंत्र गण केला आणि त्याला ‘ओडोनाटा’ म्हटले. या कीटकांच्या जबड्यांवर दात असतात, म्हणून ‘दातवाले’. ग्रीक ‘ओडोन्त’ आणि संस्कृत ‘दन्त’ शेजारी ठेवले, पुढचा ‘ओ’ क्षणभर झाकला, की आपल्या तोंडातला दात त्यात दिसतो.

टाचण्यांना चतुरांपासून वेगळे करून त्यांना आजचे नाव दिले ते बेल्जियमच्या एदमाँ द सेली-लाँशाँ याने. १८१३ साली पॅरिसमध्ये जन्मलेला हा सरदार पेशाने राजकारणी होता आणि पुढे बेल्जियमच्या सिनेटचा अध्यक्षही झाला. पण कीटकशास्त्राचे जग त्याला ओळखते ते चतुर-टाचण्यांमुळे. १८५४ साली त्याने या गणाचे दोन उपगण केले. चतुरांना ‘ॲनायसोप्टेरा’ म्हटले आणि टाचण्यांना ‘झायगोप्टेरा’. १९०० साली तो वारला. ही दोन नावे आजही प्रत्येक पुस्तकात जशीच्या तशी आहेत.

आता नाव उघडून पाहू. ‘प्टेरॉन’ म्हणजे पंख. ‘झ्युगॉन’ म्हणजे बैलांच्या मानेवर ठेवतात ते आडवे लाकूड : जू.

येथे थोडे थांबणे आवश्यक आहे, कारण ‘झ्युगॉन म्हणजे जू’ हे केवळ भाषांतर नाही. तो एकच शब्द आहे. संस्कृतात जुवाला ‘युग’ म्हणतात. प्राकृतात शब्दारंभीच्या ‘य’चा ‘ज’ झाला. म्हणूनच यात्रेची जत्रा झाली, योग्याचा जोगी झाला आणि यादवांचे जाधव झाले. त्याच वाटेने ‘युग’चा ‘जुग’ झाला, मधला ‘ग’ झिजून गेला आणि मराठी शेतकऱ्याच्या हाती ‘जू’ उरले. ग्रीक भाषेतही याच शब्दाच्या आरंभीच्या ‘य’चे रूप बदलले, पण अगदी स्वतंत्रपणे, आणि ‘झ्युगॉन’ झाले. ‘जू’ म्हणताना मराठी माणूस ‘जीवना’तला ज उच्चारत नाही, ‘जुना’तला, दातांजवळचा ज उच्चारतो. हा आवाज ग्रीक रूपाच्या फार जवळचा आहे. लॅटिनमध्ये हाच शब्द ‘युगुम’ झाला आणि इंग्रजीत ‘योक’. संस्कृतातील योग, युक्त, युग्म, युगल ही सगळी त्याच घरची मंडळी. या शहराशी जगभर जोडले गेलेले ‘योग’ हे नावही मुळात जुंपण्याचेच आहे, ही गोष्ट योगासनांचे वर्ग चालवणाऱ्यांनाही सहसा आठवत नाही.

परंतु एक सावधगिरी येथेच सांगितली पाहिजे. असे साम्य दिसले की काही मंडळी लगेच टाळ्या पिटतात आणि ग्रीक भाषा संस्कृतातून निघाली असे जाहीर करतात. तसे नाही. सर विल्यम जोन्स यांनी १७८६ साली कलकत्त्यात एशियाटिक सोसायटीपुढे केलेल्या भाषणात सुचवले ते वेगळे होते : संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन या एका मूळ भाषेच्या लेकी असाव्यात, आणि ती मूळ भाषा कदाचित आता उरलेली नाही. त्यानंतरच्या अभ्यासाने हेच पक्के केले. झ्युगॉन आणि युग ही भावंडे आहेत, बाप-लेक नाहीत. शिवाय दिसायला सारखे ते सारे नातलग नसतात. ग्रीक ‘थेऑस’ आणि संस्कृत ‘देव’ दोन्हींचा अर्थ एकच, आवाजही जवळचा. तरी भाषाशास्त्र सांगते की यांचे कूळ वेगळे. ‘देवा’चा खरा ग्रीक नातलग ‘झ्यूस’ आहे. नाते ठरते ते ध्वनी नियमाने बदलतात का, यावर. कानाला गोड लागते का, यावर नाही. शाळेत व्युत्पत्ती शिकवायची तर ही शिस्त आधी शिकवावी.

नावाचा शब्दार्थ कळला तरी सेली-लाँशाँने टाचण्यांच्या पंखांत जू का पाहिले हा प्रश्न राहतोच, आणि त्याची तीन उत्तरे सुचतात.

पहिले उत्तर प्रत्येक मुलाला सुचेल. टाचणी बसली की चारही पंख पाठीवर एकत्र मिटते. जुंपल्यासारखे ते एकमेकांना चिकटतात, म्हणून जोडपंखी. उत्तर आकर्षक आहे, पण टाचण्यांमध्येच ‘लेस्टिस’ नावाची एक प्रजाती आहे, भारतातही आहे, आणि तिच्या बहुतेक जाती बसताना पंख अर्धवट उघडे ठेवतात. त्यांना मग या घरातून बाहेर काढावे लागेल.

दुसरे उत्तर मिलनाशी जोडले जाते. नर आपल्या शेपटीच्या टोकाने मादीला मानेपाशी धरतो आणि दोघे एकामागे एक जुंपल्यासारखे उडतात; पाण्यावर हे दृश्य अनेकांनी पाहिले असेल. पण चतुरांचीही जोडपी तशीच उडतात. तिथे नर मादीचे डोके धरतो एवढाच फरक. जे दोघांत समान, ते दोघांना वेगळे करण्याचे कारण होऊ शकत नाही. शिवाय नावात ‘पंख’ आहे, मान नाही.

तिसरे उत्तर बहिणीच्या नावात सापडते. चतुरांना त्याने ‘ॲनायसोप्टेरा’ म्हटले. म्हणजे असमान पंखांचे. चतुराचा मागचा पंख बुडाशी रुंद असतो, पुढचा अरुंद. दोन पंखांत जोड जमत नाही. टाचणीचे पुढचे आणि मागचे पंख आकाराने जवळजवळ एकसारखे असतात, आणि बहुतेकींचे बुडाशी देठासारखे निमुळते होतात. एका नावात विषमता असेल तर त्याच वर्षी, त्याच हाताने दिलेल्या दुसऱ्या नावात समानता असावी, हे तर्काला धरून आहे. आणि इथेच बैलजोडी मदतीला येते. जुवाखाली दोन बैल घालताना शेतकरी त्यांची उंची, चाल आणि ताकद पाहतो. एक उंच आणि एक ठेंगणा असला तर जू तिरपे होते आणि एकाच्या मानेला घट्टे पडतात. जू हे जोडण्याचे साधन आहेच, पण त्याहून आधी ते बरोबरीची अट आहे. ‘झायगोप्टेरा’चा अर्थ ‘जोडलेल्या पंखांचे’ असा केला तर तो अर्धाच कळला; ‘जोडीत शोभणाऱ्या पंखांचे’ असा केला तर पुरा. शब्दकोशात ‘झ्युगॉन’पुढे एवढे लिहिलेले नसते. बैल जुंपणाऱ्याला ते कोणी सांगावे लागत नाही.

निसर्ग अर्थातच नावांना बांधलेला नाही. सह्याद्रीच्या ओढ्यांवर ‘न्यूरोबेसिस चायनेन्सिस’ नावाची एक टाचणी दिसते. नराचे पुढचे पंख पारदर्शक आणि मागचे झळझळीत हिरवे. रंगाने जोडी पार मोडली, तरी ती झायगोप्टेराच. आणि दार्जिलिंगच्या बाजूच्या डोंगरी ओढ्यांत ‘एपियोफ्लेबिया लेडलॉवी’ नावाचा एक दुर्मीळ कीटक आहे, ज्याचे पंख टाचणीसारखे आणि अंग चतुरासारखे. शास्त्रज्ञांनी अशांसाठी ‘ॲनायसोझायगोप्टेरा’ असे नाव तयार केले. असमान समान पंखांचे! नाव ठेवणाऱ्याची पंचाईत याहून प्रामाणिकपणे क्वचितच नोंदली गेली असेल.

उरला ‘प्टेरॉन’. याच्या मुळाशी उडणे आणि पडणे या दोन्ही अर्थांचा एक प्राचीन धातू आहे. संस्कृतात तो ‘पत्’. पतंग त्यातूनच आला, मग तो दिव्यावरचा असो वा संक्रांतीच्या आभाळातला. ‘पत्र’ही त्यातलेच : आधी पक्ष्याचे पीस, मग झाडाचे पान, मग लिहिण्याचे पान, आणि शेवटी टपालाने येणारे पत्र. मराठी ‘पंख’ मात्र ‘पक्ष’पासून आला, ‘प’ने सुरू होतो म्हणून त्याला या पंगतीत बसवू नये. ‘प्टेरॉन’ सर्वांत अनपेक्षित ठिकाणी भेटतो तो ‘हेलिकॉप्टर’मध्ये. लोक या शब्दाची फोड ‘हेली’ आणि ‘कॉप्टर’ अशी करतात. खरी फोड ‘हेलिको’ आणि ‘प्टर’ अशी : मळसूत्री पंखाचे. चतुराला हेलिकॉप्टर म्हणणारी मुले नकळत शास्त्रीय नावाच्या अगदी दाराशी उभी असतात.

या सगळ्याचा एका मराठी शाळेच्या हीरक महोत्सवाशी काय संबंध, असा प्रश्न कोणाच्या मनात आला असेल तर तो रास्त आहे. साठ वर्षांत मराठी शाळेच्या पालकसभेत एक प्रश्न कधी विचारला गेला नसेल असे मानणे कठीण : मराठीतून शिकलेले मूल पुढे विज्ञानात टिकेल का? प्रश्नामागची काळजी खरी आहे आणि तिची थट्टा करू नये. दहावीनंतर वर्ग बदलतो, पुस्तक बदलते, आणि पहिल्या आठवड्यातच झायगोट, झायगोप्टेरा, ओडोनाटा, डिप्टेरा असे शब्द अंगावर येतात. मूल समजते की हे इंग्रजी आहे आणि आपल्याला इंग्रजी येत नाही.

पण हे इंग्रजी नाही. लंडनमधल्या मुलालाही झायगोप्टेरा हा शब्द तितकाच ग्रीक वाटतो. त्याच्या घरी या कीटकाला वेगळेच नाव आहे. ‘योक’ आणि ‘झायगो’ यांचे नाते त्यालाही कोणी सांगितल्याशिवाय कळत नाही. म्हणजे या शब्दांपुढे दोन्ही मुले एकाच पायरीवर उभी आहेत. उलट ज्या मुलाच्या भाषेत जू, दात, दोन आणि पतंग आहेत त्याला ‘दोन पंखांच्या’ डिप्टेरातले ‘द्वि’ ऐकू येणे अवघड नाही, फक्त कोणीतरी ते एकदा ऐकवले पाहिजे.

ते ऐकवले जात नाही, ही खरी अडचण आहे, आणि तिचा दोष केवळ इंग्रजी माध्यमाच्या आकर्षणावर ढकलता येणार नाही. मराठी पाठ्यपुस्तकात झायगोटला ‘युग्मनज’ म्हणतात आणि ज्या दोन पेशींतून तो तयार होतो त्यांना ‘युग्मक’. परिभाषा घडवणाऱ्यांनी हे काम विचारपूर्वक केले आहे : ‘झायगो’च्या जागी त्यांनी त्याच शब्दाचा सख्खा भाऊ ‘युग्म’ बसवला. एवढी सुरेख जोडणी, पण विद्यार्थ्यासाठी ‘युग्मनज’ही पाठ करायचा आणखी एक अवघड शब्दच ठरतो. परीक्षेला दोन शब्द, दोन्ही बंद. वर्गात पाच मिनिटे काढून फळ्यावर जू, युग्म, झायगो अशी एक ओळ लिहिली असती तर दोन्ही शब्द एकदम उघडले असते.

आणि या पाच मिनिटांची मुदत संपत आली आहे. ट्रॅक्टर आला, बैल गेले. शहरातल्या मुलाने जू पाहिलेले नाही आणि खेड्यातल्या मुलाने ते पोळ्याच्या चित्रात पाहिले असेल. म्हैसुरात वाढणारे मराठी मूल हीच वस्तू शेजारच्या कन्नड घरात ‘नोग’ या नावाने ऐकेल, तेही ऐकले तर. शब्द कोशात राहील; पण जोडी जुळवताना दोन बैलांची खांदे-उंची पाहणारा माणूस गेला की झायगोप्टेराचा पुरा अर्थ सांगणारा साक्षीदारच जातो.

शास्त्रीय नावांत आपली माणसे आणि आपली गावे कशी शिरली याचाही थोडा हिशेब द्यायला हवा. दक्षिणेतल्या तळ्यांवर सर्रास दिसणारी पिवळी टाचणी म्हणजे ‘सेरियाग्रियॉन कोरोमंडेलियानम’. जातीचे हे नाव फाब्रिसियसने १७९८ साली दिले. कोरोमंडेल म्हणजे चोळमंडल. त्याच वर्षी त्याच किनाऱ्यालगत तंजावरच्या गादीवर दुसरे सरफोजीराजे बसले, ज्यांना युरोपीय वैद्यक आणि निसर्गविद्येची गोडी होती. या दोन घटनांचा एकमेकींशी संबंध नाही, पण घरापासून दूर दक्षिणेत राहणाऱ्या मराठी मनाला हा योग लक्षात ठेवावासा वाटेल.

विसाव्या शतकात या कीटकांचा भारतातला सर्वांत मोठा अभ्यासक झाला तो फ्रेडरिक चार्ल्स फ्रेझर, लष्करी सेवेतला डॉक्टर. त्याचे ब्रिटिश भारतातील चतुर-टाचण्यांवरचे तीन खंड १९३३, १९३४ आणि १९३६ साली निघाले आणि आजही अभ्यासकाला त्यांच्यापासूनच सुरुवात करावी लागते. नाडी पाहणारा हात ओढ्याकाठी जाळेही धरत होता. लष्कराचे नाव मिरवणाऱ्या या मोहल्ल्यात त्याची आठवण काढायला हरकत नाही.

अलीकडच्या नावांवर मात्र मराठी मुलखाची मोहोर आहे. २०१९ साली सिंधुदुर्गातून शंतनू जोशी आणि दत्तप्रसाद सावंत यांनी टाचणीची एक नवी जाती नोंदवली : ‘सेरियाग्रियॉन क्रोमोथोरॅक्स’, म्हणजे रंगीत छातीची. २०२१ साली साताऱ्याजवळच्या ठोसेघरच्या नावाने ‘युफिया ठोसेघरेन्सिस’ ही जाती नोंदली गेली. यातले ‘युफिया’ हे प्रजातीनाव १८४० साली त्याच सेली-लाँशाँने दिलेले. गावाच्या नावापुढचा ‘एन्सिस’ हा लॅटिन प्रत्यय मराठी माणसाला समजावून सांगण्याची गरज पडू नये. तो अमक्या गावचा एवढेच सांगतो, आणि मराठी आडनावांत त्याचे काम ‘कर’ करतो. साताऱ्याच्या डोंगरातल्या ओढ्यावरची ती टाचणी जगभरच्या ग्रंथांत आता ठोसेघरकर म्हणून नोंदली गेली आहे. तिचे कूळ बेल्जियमच्या एका सिनेटरने ठरवले आणि उपगणाच्या नावात तिच्या पाठीवर जू आहे.